बायबलातला देव बदलत गेला, बरं मग?

आमच्या जुन्या मित्रांच्या ग्रुपवर मध्यंतरी एक क्लिप फिरली, "यहोवाला बायको होती, पुरावा सापडला" असला काहीतरी मथळा होता तिला, आणि मग दोन दिवस नुसता राडा. एकाचं म्हणणं, बघा, यांचाही देव आधी चारचौघांसारखा संसारीच होता, नंतर पुसापुशी करून त्याला एकटा केला. दुसरा दर रविवारी न चुकता चर्चला जाणारा, तो म्हणाला हे प्रोफेसर लोक मुळात नास्तिक असतात, यांचा अजेंडा असतो, देवाचं वचन काही बदलत नसतं. तिसऱ्याने भांडण मिटवायच्या सुरात सांगितलं की अरे जुन्या करारातला देव कडक होता, नवीन करारात येशूने त्याला प्रेमळ केलं, विषय संपला. मला तिघांचाही वैताग आला आणि सगळ्यात जास्त त्या तिसऱ्याचा, का ते पुढे येईलच.

माझं म्हणणं आधीच सांगून टाकतो. हिब्रू बायबलमध्ये, म्हणजे ख्रिस्ती ज्याला जुना करार म्हणतात त्यात, देवाबद्दलची कल्पना काही शतकांत बदलत गेली, हे बहुतेक अभ्यासक मानतात, त्यांचं भांडण आहे ते कधी, कशी आणि किती यावर. पण एवढ्यावरून देव आहे की नाही याचा निकाल लागत नाही, कारण अभ्यासकाने तो प्रश्न विचारलेलाच नसतो. त्याचा प्रश्न खूप साधा असतो: हे वाक्य ज्याने लिहिलं, त्याच्या डोक्यात त्या वेळी "देव" म्हणजे काय होतं? आणि गंमत म्हणजे या बदलाचा सगळ्यात मोठा साक्षीदार कुठलं उत्खनन नाही, खुद्द बायबलच आहे. ज्याला एक जण "विसंगती पकडली" म्हणून नाचवतो आणि दुसरा "विसंगती नाहीच" म्हणून दाबतो, ती बऱ्याचदा देवाबद्दलची जुनी भांडणं असतात, जपून ठेवलेली.

एक उदाहरण जरा सावकाश बघू. दावीद राजाने लोकांची शिरगणती केली आणि त्यावरून देशावर मरी आली, सत्तर हजार माणसं मेली, ही गोष्ट बायबलमध्ये दोनदा येते. २ शमुवेलाच्या २४व्या अध्यायात सुरुवातच अशी आहे की परमेश्वराचा कोप इस्राएलावर पेटला आणि त्याने दावीदाला चिथावलं, जा, मोजणी कर. म्हणजे मोजायला लावणारा देव आणि मोजलं म्हणून शिक्षा देणाराही देवच! तीच गोष्ट १ इतिहासाच्या २१व्या अध्यायात वाचा. तिथे चिथावणारा आहे सैतान. बाकी कथा जवळपास तीच, योवाब सेनापती तसाच कुरकुरतो, मरी तशीच येते, कर्ता मात्र बदलला. आता इतिहासाचं पुस्तक लिहिणाऱ्यासमोर शमुवेलाचं पुस्तक कुठल्या ना कुठल्या रूपात होतं असं बहुतेक अभ्यासक मानतात. मधल्या काळात काय झालं होतं? इ.स.पू. ५८६ मध्ये बाबेलच्या, म्हणजे बॅबिलोनच्या, सैन्याने यरुशलेम जाळलं, मंदिर गेलं, राजा गेला, लोक कैदी म्हणून नेले, आणि पुढे पारशी साम्राज्यात परत येऊन नव्याने उभं राहताना या लोकांना देवाबद्दल नव्याने विचार करावा लागला. या नव्या लेखकाला देवानेच पापाला उद्युक्त केलं हे पचेना. त्याने ते वाक्य दुरुस्त केलं, निदान मला तरी ती दुरुस्तीच वाटते.

यावर श्रद्धाळू उत्तर ठरलेलं आहे, की देवाने सैतानाला परवानगी दिली, म्हणून दोन्ही खरं. धर्मशास्त्र म्हणून हे उत्तर चालेल, माझी हरकत नाही. पण मग शमुवेलाच्या लेखकाचं काय? त्याला सैतानाची गरजच वाटली नव्हती! त्याच्या जगात दुष्काळ, मरी, राजाची बुद्धी फिरणं, सगळं एकाच हातातून येतं. "परवानगी" म्हटलं की त्या माणसाचा आवाज बंद होतो. आणि "बघा, विसंगती!" म्हणून ओरडणारा तरी वेगळं काय करतो? तोसुद्धा दोघांपैकी एकालाही ऐकत नाही. बरं, सैतान हा शब्दही सरळ नाही. ईयोबाच्या पुस्तकात हिब्रूमध्ये त्याला उपपद (इंग्रजीतल्या the सारखं) लागतं, म्हणजे ते नाव नसून हुद्दा आहे, देवाच्या दरबारातला एक फिर्यादी, सरकारी वकील म्हणा हवं तर, जो दरबारात हजेरी लावतो आणि परवानगी घेऊन जातो. इतिहासाच्या त्या वाक्यात उपपद गळलंय. हुद्द्याचं नाव होत चाललंय की काय, यावर भांडणं आहेत, पण एका उपपदावर विद्वान भांडतात याचं मला हसू येत नाही, मजा वाटते.

देवाच्या दरबाराचा विषय निघालाच आहे तर, तो दरबार बायबलमध्ये चांगला भरलेला आहे. स्तोत्र ८२ उघडा: देव देवांच्या सभेत उभा राहतो आणि बाकीच्या देवांना झापतो की तुम्ही गरिबांना न्याय देत नाही, तुम्ही माणसांसारखे मराल. शास्ते ११ मध्ये इस्राएलचा सरदार इफ्ताह शत्रूला निरोप पाठवतो तो असा, की तुझा देव कमोश तुला जे देईल ते तू घे, आमचा परमेश्वर आम्हाला देईल ते आम्ही घेऊ. जणू दोन शेजारी बांधावर बोलतायत. २ राजे ५ मधला अरामी सेनापती नामान कोड बरं झाल्यावर अलीशा संदेष्ट्याकडे मागणं काय मागतो, तर दोन खेचरांचं ओझं होईल एवढी इस्राएलची माती! कारण आता त्याला याच देवाची उपासना करायचीय आणि हा देव या मातीचा. अलीशा त्याला "वेड्या, देव सगळीकडे असतो" असं म्हणत नाही, "शांतीने जा" म्हणतो. मला अख्ख्या राजांच्या पुस्तकात ही जागा सगळ्यात आवडते.

आणि अनुवाद ३२:८. तिथे परात्पराने राष्ट्रांना वतनं वाटून दिली तेव्हा सीमा "इस्राएलाच्या पुत्रांच्या" संख्येप्रमाणे आखल्या असं नेहमीच्या हिब्रू प्रतींमध्ये आहे. वाचताना खटकतं, कारण तेव्हा इस्राएल होतं कुठे? जुन्या ग्रीक भाषांतरात तिथे "देवाचे दूत" येतात. मग मृत समुद्राजवळ कुमरानच्या गुहांमधली गुंडाळीपत्रं मिळाली आणि त्यातल्या एका तुकड्यावर याच ठिकाणी "देवाचे पुत्र" निघाले. म्हणजे मूळ चित्र बहुधा असं की परात्पराने एकेक राष्ट्र एकेका दैवी पुत्राला वाटून दिलं आणि याकोब, म्हणजे इस्राएल, याहवेच्या वाट्याला आला (याहवे हे इस्राएलच्या देवाचं नाव, क्लिपमधला यहोवा तोच). पुढे कोणा लेखनिकाला ते अवघड वाटलं आणि एका शब्दात सगळं निवळलं. हा कट म्हणायचा का? मला नाही वाटत. ही त्या माणसाची श्रद्धा आहे. त्याच्या काळी एकाच देवावरचा विश्वास इतका पक्का झाला होता की जुनं वाक्य त्याला चुकलेलं वाटलं. यहूदी रब्बींनी तर अशा "लेखनिकांच्या दुरुस्त्यांची" यादीच ठेवलीय, परंपरेने अठरा मोजतात. उत्पत्ती १८:२२ मध्ये अब्राहाम परमेश्वरासमोर उभा राहिला असं आपण वाचतो, रब्बी सांगतात की आधी परमेश्वर अब्राहामासमोर उभा होता, ते बरं दिसेना म्हणून फिरवलं. पुसापुशी लपवायची असती तर यादी कशाला केली असती?

आता क्लिपमधल्या बायकोकडे येतो. सिनाईच्या वाळवंटात कुंतिल्लेत अजरुद नावाची जागा आहे, तिथे १९७५-७६ मध्ये जेएव मेशेल यांनी खोदकाम केलं तेव्हा मोठाले रांजण मिळाले, इ.स.पू. ८०० च्या आसपासचे, आणि त्यांच्यावर शाईने लिहिलेले आशीर्वाद: शोमरोनचा याहवे आणि त्याची अशेरा तुम्हाला आशीर्वाद देवो, तेमानचा याहवे आणि त्याची अशेरा, असे. हेब्रोनच्या बाजूला खिरबेत एल-कोम इथल्या थडग्याच्या लेखातही हाच जोड येतो. शेजारच्या उगारितमध्ये, म्हणजे सीरियाच्या किनाऱ्यावर, १९२९ पासून ज्या मातीच्या पाट्या निघाल्या त्यात एल हा देवांचा बाप आणि अथिरात, म्हणजे हिब्रूतली अशेराच, त्याची पत्नी, तिला सत्तर मुलं. तेव्हा अशेरा ही कोणाची तरी बायको होती हे नक्की, प्रश्न एवढाच की याहवेची होती का.

इथे विरोधकांचा पॉइंट खरंच मजबूत आहे आणि क्लिप करणाऱ्याने तो सांगितला नाही. हिब्रूमध्ये विशेषनामाला "त्याची", "माझी" असा प्रत्यय सहसा लागत नाही. "त्याची अशेरा" म्हटलं की ते देवीचं नाव नसून वेदीजवळचा लाकडी खांब असू शकतो, बायबलमध्ये अशेरा शब्द या अर्थाने भरपूर येतो. रांजणावरची जी दोन चित्रं देव-देवी म्हणून फॉरवर्ड होतात ती कित्येक तज्ज्ञांच्या मते इजिप्तच्या बेस नावाच्या बुटक्या रक्षक देवाची आहेत आणि वरच्या ओळीशी त्यांचा संबंध असेलच असं नाही. हे सगळं मान्य. तरीही खांब म्हटल्याने प्रश्न संपतो का? खांब कोणाचा? त्याला नाव देवीचंच का? माझं मत असं की त्या काळच्या बऱ्याच साध्या लोकांना याहवेच्या शेजारी अशेरा असण्यात काही वावगं वाटत नव्हतं, आणि यासाठी मला रांजणाची गरजही नाही. २ राजे २३ मध्ये योशीया राजा साफसफाई करतो, इ.स.पू. ६२२ च्या सुमाराची गोष्ट, तेव्हा अशेरा कुठून बाहेर काढतो? यरुशलेमच्या मंदिरातून! बायका तिथे बसून अशेरेसाठी वस्त्रं विणत होत्या असंही लिहिलंय. लपवलेलं काही नाही, फक्त लेखकाचा त्यावर राग आहे.

त्याहून भारी यिर्मया ४४. यरुशलेम पडल्यावर जे लोक इजिप्तला पळाले त्यांना यिर्मया सांगतो की तुम्ही स्वर्गाच्या राणीला धूप जाळलात म्हणून हे संकट आलं. तर ते लोक, त्यांच्या बायकांसकट, तोंडावर उत्तर देतात की आम्ही राणीला धूप जाळत होतो, पेयार्पणं करत होतो तोवर पोटभर खायला होतं, काही वाईट झालं नव्हतं, ते बंद केलं तेव्हापासून उपासमार आणि तलवार सुरू झाली. आणि बायका पुढे म्हणतात, तिच्यासाठी पोळ्या करत होतो ते काय आमच्या नवऱ्यांना माहीत नव्हतं? विचार करा, एकाच आपत्तीची दोन स्पष्टीकरणं आमनेसामने, आणि हरलेल्या बाजूचं स्पष्टीकरण जिंकणाऱ्यांच्या पवित्र ग्रंथात त्यांच्याच शब्दांत शाबूत. तो ग्रंथ त्या बायकांशी जितक्या प्रामाणिकपणे वागला तितक्या प्रामाणिकपणे तर आमच्या ग्रुपवर कोणी कोणाशी वागलं नाही.

आता दुसऱ्या मित्राचं, चर्चवाल्याचं. त्याच्या बाजूने बोलणारा सगळ्यात तगडा माणूस पास्टर नव्हे, एक यहूदी विद्वान आहे, यहेझकेल कौफमान. त्याने विसाव्या शतकात मांडलं की इस्राएलचा एकेश्वरवाद हळूहळू पिकलेलं फळ नाही, ती सुरुवातीचीच क्रांती आहे. पुरावा काय, तर हिब्रू बायबलमध्ये देवाची पुराणकथाच नाही. उगारितचा बआल मोत नावाच्या मृत्यूकडून मारला जातो, परत येतो, त्याला घर हवं असतं, देवांची लग्नं होतात, पोरं होतात. याहवेला जन्म नाही, मरण नाही, आईबाप नाहीत, लग्नाची गोष्ट नाही. आजूबाजूच्या शंभर गावांत एकच गाव असं वेगळं कसं? हा प्रश्न टाळता येत नाही आणि "बॅबिलोनवरून कॉपी केलं" म्हणणाऱ्यांकडे याचं उत्तर नसतं. पण कौफमानचं म्हणणं जसंच्या तसं घेतलं तर नामानची माती, इफ्ताहचा कमोश आणि त्या पोळ्या करणाऱ्या बायका यांचं काय करायचं? माझ्या मते पुराणकथा नसणं हे खरंच आहे, पण ती गाळली गेलीय, तिच्या खुणा राहिल्यात. यशया २७ मध्ये परमेश्वर लिव्याथान नावाच्या वळवळत्या सापाला मारणार असं येतं आणि उगारितच्या पाट्यांमध्ये लोतान हा वळवळता साप बआलच्या बाजूने मारला जातो, शब्दसुद्धा जवळपास तेच. कथा गेली, ओळ उरली.

शिवाय "मोशे एकेश्वरवादी होता का" हा प्रश्न विचारताना आपण हातात घेतो तो शब्दच १७व्या शतकातला आहे, इंग्लंडमध्ये हेन्री मोर याने १६६० मध्ये तो वापरात आणला. "माझ्याखेरीज तुला दुसरे देव नकोत" हे वाक्य म्हणणाऱ्याला दुसरे देव आहेत की नाहीत यात रस नाही, तू कोणाचा यात आहे. नवरा बायकोला "माझ्याशिवाय कोणी नको" म्हणतो तेव्हा जगात दुसरे पुरुष नाहीत असं त्याला म्हणायचं नसतं. यशया ४५ मध्ये "मीच आहे, दुसरा कोणी नाही" असं येतं तेव्हा मात्र सूर वेगळा आहे, आणि तो सूर बाबेलच्या कैदेच्या शेवटच्या काळातला आहे, जेव्हा या लोकांकडे ना राज्य होतं ना मंदिर. हरलेल्या लोकांनी आपला देव छोटा करायचा सोडून तो अख्ख्या जगाचा केला. इतिहासात असं क्वचित होतं, आणि हे समजायला थर वेगळे करून बघावे लागतात, सपाट वाचलं तर ही उडी दिसतच नाही.

पण अभ्यासकांचा अजेंडा असतो, हा आरोप? असतो. साफ मान्य. १९व्या शतकात युलिउस वेलहाउझेन या जर्मन पंडिताने पंचग्रंथाचे, म्हणजे मोशेच्या नावावरच्या पहिल्या पाच पुस्तकांचे, थर लावून दाखवले, आधी झ्यां अस्त्रुक नावाच्या फ्रेंच डॉक्टरने १७५३ मध्ये देवाच्या दोन नावांवरून तो धागा पकडलाच होता. वेलहाउझेनच्या मांडणीत मात्र एक उतार आहे: संदेष्ट्यांचा धर्म जिवंत, नंतरचा याजकांचा नियमांचा धर्म सुकलेला. हे वाचताना जर्मन प्रोटेस्टंट माणसाचं यहुद्यांबद्दलचं मत ऐकू येतं. सॉलोमन शेक्टर या यहूदी विद्वानाने १९०३ मध्ये टोमणा मारला होता की यांची उच्च टीका (बायबलचे थर लावण्याच्या या पद्धतीचं नाव) म्हणजे उच्च प्रतीचा यहूदीद्वेष आहे. टोमणा बोचरा आणि बऱ्याच अंशी खरा. फ्रीडरिक डेलिच १९०२ मध्ये जर्मन सम्राटासमोर व्याख्यान देऊन बायबल बाबेलचं कसं ऋणी आहे ते सांगत होता, आणि शेवटी शेवटी त्याने जुन्या कराराला मोठी फसवणूक म्हणण्यापर्यंत मजल मारली.

पण मग ही चूक पकडली कोणी आणि कशाने? कौफमान, उंबेर्तो कासुतो असे यहूदी विद्वान मैदानात उतरले आणि तीच हत्यारं वापरून, भाषा, शब्द, तुलना, त्यांनी त्या मांडणीचे कान उपटले. आज वेलहाउझेनच्या चार स्रोतांची मांडणी त्याच्याच देशात जशीच्या तशी मानणारे थोडे उरलेत. काही जण यावर म्हणतात, बघा, यांचं यांनाच ठरत नाही! अहो, थरांचं वय ठरत नाही म्हणजे थर नाहीत असं होतं का? आणि वेलहाउझेनबद्दल एक गोष्ट सांगायलाच हवी. १८८२ मध्ये त्याने धर्मशास्त्राच्या प्राध्यापकाची पक्की नोकरी सोडली, कारण आपण विद्यार्थ्यांना चर्चच्या कामासाठी तयार करण्याऐवजी नालायक करतोय असं त्याच्या मनाला टोचत होतं. अजेंडावाला माणूस असं करेल?

आणि "नास्तिक प्रोफेसर" म्हणणाऱ्यांना हेही माहीत नसतं की हे प्रश्न घरातूनच आलेत. मोशेच्या मरणाची हकीकत मोशेनेच कशी लिहिली असेल, हे तल्मुदमध्येच, म्हणजे रब्बींच्या चर्चांच्या जुन्या ग्रंथातच, विचारलंय आणि शेवटच्या आठ ओवी यहोशवाच्या असं एक उत्तरही दिलंय. बाराव्या शतकात इब्न एज्रा हा यहूदी भाष्यकार असल्या खटकणाऱ्या जागा सूचक शब्दांत दाखवून गप्प बसतो, "ज्याला कळेल त्याने मुकाट राहावं" छापाचं. त्याच शतकातला यहूदी तत्त्वज्ञ मायमोनिदीस म्हणतो की देवाला शरीर आहे असं मानणारा पाखंडी. यावर प्रोव्हान्सचा रब्बी अब्राहाम बेन दावीद, तो स्वतः तसं मानत नव्हता, पण फाडकन लिहितो की याला पाखंडी का म्हणता? याच्यापेक्षा मोठी आणि चांगली माणसं शास्त्राच्या ओळी वाचून तसंच मानत आली आहेत! आणि ओळी तशा आहेतच. उत्पत्ती ३ मध्ये देव संध्याकाळच्या गार वाऱ्यात बागेत फिरतो. निर्गम २४ मध्ये वडीलधारे इस्राएलाच्या देवाला पाहतात, आणि मग खातात-पितात. जुन्या ग्रीक भाषांतरकर्त्यांना हे इतकं अवघड गेलं की त्यांनी "देव जिथे उभा होता ती जागा पाहिली" असं करून टाकलं. आपल्याकडे भांडारकर संस्थेने महाभारताची चिकित्सक आवृत्ती १९६६ पर्यंत पुरी केली, त्यात गणपतीने लेखनिक होण्याची गोष्ट मूळ संहितेतून तळटीप-परिशिष्टात गेली. त्यामुळे कोणाच्या घरचा गणपती कमी झाला? असो, हा वेगळा लेख आहे.

आता तिसरा मित्र. जुना देव कडक, नवा देव प्रेमळ. ऐकायला किती समजूतदार वाटतं! हे म्हणणारा पहिला नावाजलेला माणूस मार्सियन, इ.स. १४४ च्या सुमारास रोमच्या ख्रिस्ती मंडळीने त्याला बाहेर काढलं. त्याच्या मते देव दोन: एक यहुद्यांचा, जग निर्माण करणारा, हिशोबी न्याय करणारा, आणि दुसरा येशूचा बाप. त्याने जुना करार टाकूनच दिला. चर्चने त्याला नाकारलं, पण ती कल्पना मेली नाही, सभ्य कपडे घालून फिरत राहिली. १९२० च्या दशकाच्या तोंडावर आडोल्फ हार्नाक या फार मोठ्या जर्मन इतिहासकाराने मार्सियनवरच्या ग्रंथात लिहिलं की प्रोटेस्टंट लोकांनी अजूनही जुना करार प्रमाणग्रंथ म्हणून धरून ठेवणं हे दुबळेपणाचं लक्षण आहे. हार्नाक नाझी नव्हता, हे स्पष्ट म्हणतो. पण १९३९ मध्ये आयझेनाख गावात प्रोटेस्टंट मंडळींनी एक संस्थाच काढली, जर्मन चर्चमधून यहूदी प्रभाव उपटून टाकायला, आणि पुढच्याच वर्षी यहूदी खुणा छाटलेला नवीन करार छापला. त्याच काळात बाहेर काय चाललं होतं ते सांगायची गरज नाही. म्हणून मला त्या समजूतदार वाक्याचा राग येतो. माझ्या मित्राला हे काही माहीत नव्हतं, त्याचा हेतू चांगला होता, पण वाक्याला इतिहास असतो.

आणि वाक्य चुकीचंही आहे. "शेजाऱ्यावर स्वतःसारखी प्रीती कर" हे येशूने लेवीय १९ मधून उचललंय. निर्गम ३४ मध्ये देव स्वतःची ओळख करून देतो ती दयाळू, कृपाळू, मंदक्रोध अशी. (मंदक्रोध! मराठी बायबलने आपल्याला दिलेला हा फार सुंदर शब्द आहे, कोणी वापरत नाही.) योना संदेष्टा नेमका याच शब्दांवरून देवावर चिडतो, की मला माहीतच होतं तू मंदक्रोध आहेस, निनवेवाल्यांना माफ करशील, म्हणून तर मी पळालो! हो, त्याच निर्गम ३४ च्या पुढच्या ओळीत बापाच्या पापाची झळ तिसऱ्या-चौथ्या पिढीपर्यंत पोचते असंही आहे. पण मग यहेज्केल १८ त्याला आव्हान देतो: बापांनी आंबट द्राक्षं खाल्ली आणि पोरांचे दात आंबले ही म्हण यापुढे इस्राएलात चालायची नाही, जो पाप करील तोच मरेल. जुन्या कराराची दुरुस्ती जुन्या करारातच चालू होती. आणि नवीन करार सगळा गोड आहे म्हणता? प्रेषितांची कृत्ये ५ मध्ये हनन्या आणि सप्पीरा जमिनीच्या पैशात लबाडी करतात आणि जागच्या जागी मरून पडतात. प्रकटीकरण तर झोपायच्या आधी वाचू नका.

येशूच्या बाबतीतही दोन्ही बाजू अशाच वेंधळ्या. एक म्हणणार, कॉन्स्टंटाइनने ३२५ मध्ये निकायाच्या परिषदेत मतं मोजून येशूला देव केलं. साफ खोटं. प्रेषित पौल करिंथकरांना इ.स. ५० च्या दशकात लिहितो, म्हणजे येशूच्या मृत्यूला पंचवीस वर्षंही धड झाली नव्हती, आणि १ करिंथ ८:६ मध्ये तो यहुद्यांच्या रोजच्या मंत्रातले, शेमातले, दोन शब्द घेतो, "देव" आणि "प्रभू", त्यातला एक पित्याला देतो, दुसरा येशूला. फिलिप्पै २ मध्ये तर यशया ४५ मधला "प्रत्येक गुडघा माझ्यापुढे टेकेल" हा देवाचा मान येशूच्या नावाला लावलाय, तेच यशया ४५ जिथे "दुसरा कोणी नाही" आहे! बिथुनियाचा रोमन अधिकारी प्लिनी ११२ च्या आसपास सम्राटाला कळवतो की हे लोक पहाटे जमून ख्रिस्ताला देवासारखं गाणं म्हणतात. निकायात भांडण होतं ते पुत्र हा पित्याच्याच तत्त्वाचा की निर्माण केलेला यावर, आणि तिथे हरलेला एरियसही येशूला सामान्य माणूस म्हणत नव्हता. लॅरी हुर्तादोसारखे अभ्यासक ही पूजा फार लवकर सुरू झाली म्हणतात, दुसरे म्हणतात की ती टप्प्याटप्प्याने वाढली, पण चौथ्या शतकात मतदानाने झाली असं कोणी शहाणा म्हणत नाही. अभ्यास इथे क्लिपवाल्यांच्या विरुद्ध जातो. आणि लगेच दुसऱ्या बाजूला जातो: त्रैक्याचा, म्हणजे पिता, पुत्र आणि पवित्र आत्मा मिळून एकच देव या शिकवणीचा, सगळ्यात थेट पुरावा म्हणून शतकानुशतकं दाखवलेली ओळ, १ योहान ५:७ मधली "पिता, शब्द आणि पवित्र आत्मा, हे तिघे एक आहेत", ती जुन्या ग्रीक हस्तलिखितांत नाहीच. इरॅस्मस या डच विद्वानाने १५१६ च्या ग्रीक आवृत्तीत ती घातली नाही म्हणून बोंबाबोंब झाली, १५२२ मध्ये त्याने घातली, आज बहुतेक आवृत्त्यांनी पुन्हा काढलीय. ती ओळ गेल्यावर त्रैक्य मानणाऱ्यांनी मानणं सोडलं का?

जाता जाता, त्या क्लिपमधलं "यहोवा" हे नावही एक अपघातच आहे. हिब्रूत आधी नुसती व्यंजनं लिहायचे, य-ह-व-ह, आणि यहुदी ते नाव उच्चारत नाहीत, त्या जागी "अदोनाय" म्हणजे प्रभू म्हणतात. आठवण राहावी म्हणून लेखनिकांनी त्या व्यंजनांवर अदोनायचे स्वर टाकले, आणि ख्रिस्ती वाचकांनी दोन्ही एकत्र वाचून टाकलं. तेच आपल्या मराठीतही उतरलं. या मातीत हिब्रू शिकवायची खटपट तशी जुनी आहे, जॉन विल्सन यांनी मुंबईत बेने इस्राएलांसाठी, म्हणजे आपल्या मराठी बोलणाऱ्या यहुद्यांसाठी, १८३२ मध्ये मराठीतून हिब्रूचं व्याकरण छापलं होतं.

त्याच्याही कितीतरी आधीपासून कोकणात, अलिबाग-रेवदंड्याच्या पट्ट्यात, हे शनिवार तेली घाणा बंद ठेवून बसायचे. परंपरा सांगते की हिब्रू सगळी विसरले होते, पोथ्या नव्हत्या, एक ओळ तेवढी तोंडात राहिली होती, शेमा इस्राएल, आणि ती बारशापासून मयतीपर्यंत सगळीकडे म्हटली जायची. अनुवाद ६:४. "ऐक, हे इस्राएल" यानंतर हिब्रूत फक्त चार शब्द आहेत: याहवे, आमचा देव, याहवे, एक. क्रियापद नाही. त्याचा अर्थ "परमेश्वर एकच आहे" असा की "परमेश्वर, फक्त परमेश्वरच, आमचा देव" असा, यावर विद्वानांचं आजही एकमत नाही. पहिला अर्थ धरला तर देव किती यावरचं विधान, दुसरा धरला तर आम्ही कोणाचे यावरचं. घाण्याचा बैल सोडून शुक्रवारी संध्याकाळी ती ओळ म्हणणाऱ्या म्हातारीला यातला कुठला अर्थ अभिप्रेत होता, हे मला फार विचारावंसं वाटतं.